रुक्माबाईची जिवती

रोजची पूजा आटोपली की मी वहीत चार ओळी लिहिते. नैवेद्य काय केला, कोण आलं, कोण गेलं. परवाचा दिवस चार ओळींत मावत नाही. परवा आषाढ अमावास्या होती, जिवतीचा दिवस, आणि मला दिवसभर किळस येत होती. आधी दुसऱ्यांची, मग स्वतःची. म्हणून रुक्माबाईबद्दल पहिल्यापासूनच लिहिते.

रुक्माबाई आमच्या गल्लीच्या टोकाला राहते. सत्तरीला दोन-तीन कमी असतील. नवरा धोंडीबा जाऊन नऊ वर्षं झाली. मूलबाळ झालं नाही. आमच्या तलमडुगूकडच्या, म्हणजे आदिलाबाद जिल्ह्यातल्या, गावांत अमावास्येला प्रत्येक लेकुरवाळ्या घराच्या दाराला जिवतीचा कागद लागतो. जिवती म्हणजे लेकरं राखणारी देवी. कागदावर वर नरसिंह आणि कृष्ण, मधे पाळणा हलवणारी देवी, तिच्या अंगाखांद्यावर पोरं. बाकी गावांत हा कागद बाजारातून येतो. आमच्या गावात तो रुक्माबाईच्या घरून येतो, हाताने छापलेला, नुसत्या काळ्या शाईचा. अमावास्येला ती टोपलीत कागद आणि डब्यात खळ घेऊन घरोघर फिरते आणि स्वतःच्या हाताने दाराला जिवती लावते. हा तिचा मान. त्याबदल्यात सूपभर ज्वारी आणि वाटीभर तेल.

मी लग्न होऊन आले त्याला एकतीस वर्षं झाली. पहिल्याच आषाढात सासूबाईंनी मला तिच्याकडे पाठवलं, कागद तयार झाले का बघून ये म्हणून. दारातच तेजाबाचा वास नाकात शिरला. सोनाराकडे असतं ते तेजाब. चुलीवर जवसाचं तेल कढत होतं, त्याचा वेगळाच खमंग-जळका वास. रुक्माबाई कोपरापर्यंत काळी. मी पदर नाकाला लावला.

"नाक सोड, सुनबाई," ती म्हणाली. "मरत नाहीस. म्या चौदा वर्सं हुंगून राह्यली."

धोंडीबा मातीच्या पसरट भांड्यावर वाकला होता. भांड्यात तेजाब, तेजाबात तांब्याची पाटी. पाटीवर बारीक बुडबुडे येत होते आणि धोंडीबा ते पिसाने सारत होता. पीस कोंबडीचं. आमच्या घरात कोंबडी शिजत नाही. देवीच्या अंगावरून कोंबडीचं पीस फिरताना पाहून मला मळमळलं. घरी येऊन मी आंघोळ केली आणि सासूबाईंना सांगितलं, मी पुन्हा तिकडे जाणार नाही.

गेले, अर्थातच. दरवर्षी गेले. काम कसं चालतं ते हळूहळू कळत गेलं.

धोंडीबाचा बाप निजामाच्या काळी हैद्राबादेत, तांब्यावर नकाशे कोरून छापायच्या कारखान्यात होता. तिथून तो ही विद्या घेऊन आला. पाटी तापवून तिच्यावर मेण, राळ आणि डांबराचा पातळ थर द्यायचा. थर वाळला की दाभणासारख्या सुईने त्यात चित्र काढायचं, तेही उलटं, कारण छापल्यावर उजव्याचं डावं होतं. जिथे सुईने थर निघाला तिथलं तांबं उघडं पडतं, आणि तेजाब तेवढंच खातं. मग थर पुसून टाकायचा, खाचांमध्ये काजळ आणि जवसाच्या तेलाची शाई भरायची, वरची शाई आधी जुन्या लुगड्याने आणि शेवटी तळहाताने पुसायची. म्हणून हात काळे. छापायला त्यांच्याकडे यंत्र नव्हतं. धोंडीबाने जत्रेतल्या रसवाल्याकडून मोडका उसाचा चरखा आणला होता. दोन लोखंडी रूळ, त्यांच्यामधून पाटी, तिच्यावर ओलसर कागद, कागदावर घोंगडीचा तुकडा. रुक्माबाई दांडा फिरवायची. पलीकडून जिवती बाहेर यायची.

"पह्यले रस निंगे, आता देव निंगते," असं म्हणून ती हसायची. मला ते पाप वाटायचं.

चित्र काढायचा हात रुक्माबाईचाच. हे मला फार उशिरा कळलं. धोंडीबा थर द्यायचा, तेजाब सांभाळायचा. सुई तिच्या हातात. आमच्या जिवतीच्या पाळण्यातल्या लेकराच्या गालावर एक काळा ठिपका आहे. तीट. नजर लागू नये म्हणून आपण लावतो तशी. गावातल्या बायका पाहुण्यांना कौतुकाने सांगतात, आमच्या गावची जिवती लेकराला तीट लावते, दुसरीकडे अशी नाही. मीही सांगत आले.

आता ज्वारीचं लिहिते, कारण ते लिहिल्याशिवाय पुढचं खरं होणार नाही.

रुक्माबाई जिवती लावायची ओट्यावर उभी राहून, दाराच्या बाहेरच्या अंगाला. उंबरा ओलांडायचा नाही, हे ठरलेलं. तिच्या सुपात ज्वारी घालायची ती वरून. आपलं सूप तिच्या सुपाला लागू द्यायचं नाही. सासूबाईंनी पहिल्या वर्षी माझं मनगट धरून दाखवलं होतं, एवढं वर. "वांझोटीचा वारा लागते लेकरायले." धोंडीबा गेल्यावर ती विधवाही झाली, मग ते आणखी पक्कं झालं. तिच्या हातची देवी चालायची, तिचा हात चालायचा नाही. एकतीस वर्षं मी ज्वारी वरून ओतली. चार दाणे ओट्यावर सांडायचे, ती खाली बसून ते वेचायची, आणि मी आत जाऊन जिवतीची आरती म्हणायची. त्यात काही चुकतंय असं मला कधी वाटलं नाही.

यंदा आमच्या घरात पाळणा हलला. वैभवला, माझ्या मुलाला, मुलगा झाला. सून मयूरी निर्मल शहरातली. लेकरू परवा तीन महिन्यांचं झालं. अमावास्येच्या चार दिवस आधी बयनाबाई आल्या. बयनाबाई माझ्या मोठ्या जाऊबाई, शेजारीच राहतात, गावातल्या महिला गटाच्या अध्यक्ष आहेत. त्यांच्या पिशवीत गुळगुळीत कागदांची चळत.

"वच्छले, हे पाहाय," त्या म्हणाल्या. "आदिलाबादहून छापून आणले. रंगीत. गटाकडून घरोघर फुकट. यंदा कोणाच्याच दाराले त्या काळतोंडीचा कागद नाही लागत."

"काऊन?"

"काऊन म्हनते! घरात तीन मयन्याचं लेकरू हाय तुह्या. त्या वांझोटीले दारापोत येऊ देतं?"

"इतकी वर्षं येतच होती ना, बाई."

"इतके वर्सं तुह्या घरात नातू नव्हता."

मी काही बोलले नाही. न बोलणं मला चांगलं जमतं. लोक त्याला सोशिकपणा म्हणतात. अमावास्येच्या सकाळी बयनाबाईंनी स्वतः येऊन आमच्या दाराला रंगीत जिवती लावली. मी आघाडा, दूर्वा आणि कापसाचं वस्त्र घेऊन पुढे झाले. हळद-कुंकू वाहिलं आणि मान वर केली तर पाळण्यातल्या लेकराच्या गालावर तीट.

मी जवळ जाऊन पाहिलं. गुलाबी गाल, पिवळा पाळणा, निळा नरसिंह, सगळं झगझगीत. पण खालच्या रेघा ओळखीच्या. देवीच्या पायाची ती जरा आखूड करंगळी. कृष्णाच्या मोरपिसाचं एकच वाकलेलं टोक.

"बाई, ही तर रुक्माबाईचीच जिवती आहे."

"मंग?" बयनाबाई बोटाची खळ ओट्याला पुसत म्हणाल्या. "मागच्या सालचा माह्या दारावरचा कागद नेला, छापखानेवाल्यानं मशिनीतून काढला, रंग भरला. त्याच्यात काय झालं?"

"तिला विचारलं?"

"तिले काय इचाराचं? देव काय तिच्या बापाचा हाय?"

आणि हसल्या. तेजाबाच्या वासाने मला कधी इतकं मळमळलं नव्हतं. जिच्या हाताची भीती, तिचाच हात रंग लावून आणायचा, दारादाराला चिकटवायचा, आणि तिला म्हणायचं, लांब राहा. वर पुण्यही पदरात. पण मी बोलले काय? काहीच नाही. देवीला वाहिलेलं कुंकू नीट केलं.

दहाच्या सुमारास रुक्माबाई गल्लीत आली. डोक्यावर टोपली, हातात खळीचा डबा. पहिलं दार पाहून थांबली. दुसरं पाहिलं. तिसऱ्या दारातली बाई आत निघून गेली. अशी करत ती आमच्या ओट्याशी आली. टोपली उतरवली आणि दाराकडे नुसतं पाहत राहिली. मयूरी लेकराला घेऊन आतल्या खोलीच्या दारात उभी होती.

"दुरूनच बोला," बयनाबाई म्हणाल्या. "लेकरू हाय घरात."

"दुरूनच हाओ मी, बाई. पंचेचाळीस वर्सं झाले."

मग तिने बोट वर केलं, कागदाला न लावता. "ह्या लेकराच्या गालाले हे काय लावलं?"

"तीट व्हय ते. आपल्या गावच्या जिवतीले असतेच. देवीनंच देलं."

रुक्माबाई हसली. मोठ्याने हसली, ओट्याला हात टेकवून.

"देवीनं? अवं, तेजाबानं देलं. तेवढ्याच ठिकानी राळ उकलली आन तेजाबानं तांबं खाल्लं. आमचे हे म्हनत, पाटी बिघडली, घासून काढतो. म्या म्हनलं, राहू द्या, तीट समजू. नाही तं एवढ्या गोऱ्या लेकराले नजर लागन गावच्या बायायची." तिने बयनाबाईंकडे पाहिलं. "लागलीच."

आतून मयूरीचं हसू ऐकू आलं. बयनाबाईंचं तोंड उतरलं.

"जास्तीचं नको बोलू. कागद लागला आता. जा."

रुक्माबाईने माझ्याकडे पाहिलं. माझ्या हातात ज्वारीचं सूप होतं. सवयीने भरून आणलं होतं. ती म्हणाली, "सुनबाई, ज्वारी ठेव तुही. काम नाही केलं तं कायची घेऊ?" टोपली उचलली. भरलेली टोपली घेऊन ती घरी परत जाताना मी पहिल्यांदाच पाहिली. वळताना म्हणाली, "पाटी मोडतो म्या आज. देवी मशिनीत राहाले गेली, तं माह्या तांब्यात तिचं काय काम?"

मी आत येऊन पुरण वाटायला बसले. पाटी मोडते म्हणजे काय करते? तिच्यावर आडव्यातिडव्या खोल रेघा ओढते. मग त्या पाटीतून धड छाप निघत नाही. हे तिनेच एकदा सांगितलं होतं. तिचा सासरा होता त्या कारखान्यात जुन्या नकाशांच्या पाट्या अशाच मोडायचे. पुरण वाटता वाटता मला दिसत होतं, नरसिंहावरून रेघ, पाळण्यावरून रेघ. आणि तरी मी उठत नव्हते. मयूरीच समोर येऊन उभी राहिली, लेकरू कडेवर.

"आई, चला."

"कुठे?"

"तुम्हाला माहीत आहे."

"लेकराला घेऊन?"

"हो. लेकराचीच जिवती आहे ना?"

निघताना मी काय केलं तेही लिहिते. गल्लीत कोण बघतंय ते आधी पाहिलं. मयूरीने ते बघितलं आणि काही बोलली नाही. तिच्या न बोलण्याने मला जेवढी लाज वाटली तेवढी बयनाबाईंच्या बोलण्याने वाटली नव्हती.

रुक्माबाई चरख्याजवळ पाटी मांडीवर घेऊन बसली होती. हातात तीन धारांची पोलादी काडी. एक रेघ ओढून झाली होती, वरच्या कोपऱ्यापासून नरसिंहाच्या मांडीवरून थेट पाळण्याच्या कडेपर्यंत. तांब्याचा ताजा लाल कीस तिच्या लुगड्यावर पडला होता.

"थांबा, रुक्माबाई!" मी ओरडलेच. "देवी आहे ती. देवीवर रेघ ओढता?"

"तुमची देवी. माही तं पाटी हाय." तिने मान वर केली नाही. "माह्या दाराले कधी जिवती पाह्यली काय तुनं?"

मी तिच्या दाराकडे पाहिलं. कोरं लाकूड. अख्ख्या गावाला जिवती देणाऱ्या बाईच्या दाराला जिवती नाही, कारण तिला लेकरू नाही. एकतीस वर्षं मी या दारातून कागद नेले, आणि हे आज दिसलं.

मयूरीने खाली पडलेली घोंगडी पसरली, तिच्यावर लेकराला ठेवलं आणि चरख्याचा दांडा धरला. रुक्माबाई दचकली.

"उचल त्याले! इथं तेजाब हाय, शाई हाय."

"तेजाब तिकडे कोपऱ्यात झाकलेलं आहे, आजी. मी बघितलं. एक छाप काढून द्या. माझ्या दाराला लावायचा आहे, आणि तुम्हीच लावायचा."

"तुह्या दाराले लागली हाय ना रंगाची."

"ती बाहेरून लागली आहे. आजच पुजलेला देवीचा कागद काढता येत नाही, आईंना चालणार नाही. आपली आतून लावू."

आतून. म्हणजे रुक्माबाईला उंबरा ओलांडून आत यावं लागणार. रुक्माबाईला ते माझ्या आधी कळलं. तिने काडी खाली ठेवली आणि माझ्याकडे पाहिलं. मयूरीकडे नाही, माझ्याकडे. घर माझं होतं.

"पर आता ते खंडित झालं, सुनबाई," ती म्हणाली. "रेघ येईन छापात. तू तं पोथी वाचनारी. खंडित पुजू नाही म्हनते ना?"

खरं आहे. खंडित मूर्ती पुजू नये, हे मला लहानपणापासून पाठ आहे. दारावरची झगझगीत जिवती अखंड होती, सगळे अवयव जागेवर. आणि तिच्याकडे पाहून मला शिसारी येत होती. मी म्हटलं, "येऊ द्या रेघ."

टोपलीत बिनरेघेचे छाप पडले होते, त्यातला एक घ्यावा असं आम्हा तिघींपैकी कोणीच म्हटलं नाही. रुक्माबाईने शाई भरली, लुगड्याने पुसली, मग तळहाताने, गोल गोल. भिजवलेल्या कागदांतला एक शेवटचा उरला होता. दांडा मयूरीने फिरवला. जड होता, मध्येच अडला, तेव्हा मीही हात लावला. कागदावरचा घोंगडीचा तुकडा उचलल्यावर जिवती निघाली. सगळी पूर्वीसारखीच. फक्त कोपऱ्यापासून पाळण्यापर्यंत एक जाड काळी रेघ, वेणीसारखी. तीट होती तिथेच होती.

आम्ही गल्लीतून परत आलो तेव्हा बयनाबाई त्यांच्या ओट्यावर होत्या. मयूरी पुढे, मी मधे, मागे रुक्माबाई. उंबऱ्याशी रुक्माबाई थांबली. पंचेचाळीस वर्षांची सवय पायात होती.

"या," मी म्हटलं. एवढाच शब्द. बोलायला मला सगळा दिवस लागला.

ती आली. दाराच्या आतल्या अंगाला खळ लावली, कागद टेकवला, मधून कडेकडे हात फिरवत बसवला. तोल सावरायला तिने चौकटीला अंगठा टेकवला आणि तिथे काळा ठसा उठला. ती तो पदराने पुसायला लागली, मी म्हटलं, राहू द्या. मग मी सूप आणलं. या वेळी वरून ओतलं नाही, सूपच हातात दिलं. तिने ते हलवून पाहिलं. "आज दाने सांडले नाही," म्हणाली. चांगलं वाटून म्हणाली की टोमणा मारला, मला कळलं नाही. बहुतेक टोमणाच. तो माझा हक्काचा आहे.

संध्याकाळी मी दार लावून घेतलं, म्हणजे आतली जिवती समोर आली, आणि तिच्यापुढे दिवा लावला. आरती म्हणताना नजर सारखी त्या रेघेवर जात होती.

काल सकाळी बयनाबाई आल्या. चौकटीतून आत डोकावल्या आणि नाक मुरडलं.

"शी! खंडित लावली काय? आन हा अंगठा कोनाचा? गोमूत्र शिंपडून पुस ते, वच्छले. लेकरू हाय घरात."

"बाई," मी म्हटलं, "पाय धुऊन आत या."

त्या आत आल्या नाहीत. रुक्माबाईची पाटी अजून तिच्याकडेच आहे, एका रेघेची. पुढच्या वर्षी छापणार का, विचारलं, तर म्हणाली, "ज्याले पाह्यजे त्यानं माह्या दारी यावं. म्या आता टोपली नाही उचलत." काल कोणी गेलं नाही. आजही नाही. गावातल्या सगळ्या दारांवर तिचंच लेकरू गुलाबी गालांनी हसतं आहे, आणि पाण्याला जाताना ते दारोदार बघून मला अजून थुंकावंसं वाटतं. देवी समोर असते म्हणून थुंकत नाही.